भाडं देणारा कायदा



अमेरिकेत १९३० नंतरच्या दुष्काळात नांगरलेल्या माळरानांची माती वाऱ्यानं उडाली. १९३५ साली तिथल्या केंद्र सरकारनं मृदसंधारणाचा कायदा केला. १९८५ च्या कायद्यानं तर सांगितलं, धुपणारी जमीन गवताखाली ठेवा, सरकार १० ते १५ वर्षं दरसाल भाडं देईल. माती थांबली, गवतात पाखरांना आसरा मिळाला, शेतकऱ्याच्या हातात पैसा आला.

आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं रोह्याला संरक्षण दिलं. ज्वारीत रात्रीच्या जागलीला मात्र तुम्हीच. भरपाई मिळाली तरी पीक गेल्यावर, पंचनाम्यामागून.

रानातली जनावरं आम्हालाही हवीत. पण ती देशाची असतील, तर त्यांच्या चाऱ्याचा हिशेब देशानं चुकता करावा. ही भीक नव्हे, हे भाडं आहे.