समेटाच्या बैठकीत कामगार संघटना



कर्नाळ्याच्या सुळक्याभोवतालची गावे एके काळी भातशेतीवर जगत. तळोजा व पाताळगंगा येथील औद्योगिक वसाहती उभ्या राहिल्या आणि येथील अनेक तरुणांची नावे कारखान्यांच्या हजेरीपटावर चढली. साहजिकच कारखान्यात वाद उद्भवला की त्याची झळ गावातील चुलीपर्यंत पोचते. संप वा टाळेबंदीची वेळ येण्यापूर्वी कायद्याने जो मार्ग खुला ठेवला आहे, तो समेटाचा.

समेट अधिकारी हा न्यायाधीश नव्हे. तो उभय पक्षांना एकत्र बसवितो, प्रसंगी वेगवेगळे भेटतो आणि तडजोडीची वाट शोधतो. निवाडा देत नाही. ‘साहेब, तुम्हीच काय ते ठरवा,’ असे म्हणून मोकळे होणाऱ्या पक्षांना याचे विस्मरण झालेले असते. म्हणूनच संघटनेची तयारी मोलाची ठरते. मागणीपत्र, पगारचिठ्ठ्या, पूर्वीचे करार आणि सभासदांच्या सभेचा ठराव हाती असलेला प्रतिनिधी बोलू लागला की बैठकीचा सूरच पालटतो.

या बैठकीतील सहीचे वजन मोठे आहे. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ अन्वये मालक व संघटना यांनी आपसांत केलेला करार केवळ त्या पक्षांना बांधत असे. समेटाच्या कामकाजात झालेला करार मात्र सभासद नसलेल्या कामगारांनाही, इतकेच नव्हे तर पुढे नोकरीस लागणाऱ्यांनाही बंधनकारक होई. तो करार अमलात असताना शाळा संपवून कारखान्यात शिरलेला मुलगाही त्यातून सुटत नसे.

सही करणाऱ्याच्या पाठीशी कामगार नसतील तर काय होते, हे मुंबईने पाहिले आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. मुंबई औद्योगिक संबंध अधिनियम, १९४६ अन्वये राष्ट्रीय मिल मजदूर संघ ही प्रातिनिधिक संघटना असल्याने बोलणी करण्याचा अधिकार तिचा होता; कामगार मात्र डॉ. दत्ता सामंत यांच्या मागे गेले होते. एकाकडे अधिकार, दुसऱ्याकडे विश्वास, अशा कोंडीत समेटाला जागाच उरली नाही. तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही. कोकणातील कित्येक घरांत मुंबईची मनिऑर्डर येणे थांबले.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहिता, २०२० मध्ये समेटातील कराराचे हे व्यापक बंधन कायम आहे. अनेक संघटना असल्यास हजेरीपटावरील किमान ५१ टक्के कामगारांचा पाठिंबा असलेली संघटना वाटाघाटीस बसेल. तशी कोणतीच नसल्यास वाटाघाटी परिषद. समेट अधिकाऱ्याने ४५ दिवसांत, आणि संपाची वा टाळेबंदीची नोटीस असल्यास १४ दिवसांत अहवाल द्यावयाचा आहे. समेट फसल्यास कोणत्याही पक्षास ९० दिवसांत थेट न्यायाधिकरणाकडे जाता येते. ही सोय स्वागतार्ह खरी. परंतु तिच्या भरवशावर समेटाची बैठक केवळ उपचार म्हणून उरकली जाण्याचा धोकाही आहे.

येथे ग्रामपंचायतीला करता येण्याजोगे एक साधे काम आहे. कराराचा मसुदा सहीपूर्वी मराठीतून वाचून दाखविण्यासाठी संघटनेने जागा मागितली, तर सभागृह खुले करून द्यावे. आकडेमोड समजावून सांगण्यास गावातील शिक्षकही उपयोगी पडतील. रात्रपाळीचे कामगार त्या सभेस येऊ शकत नाहीत. त्यांच्यासाठी वाचन दुसऱ्या दिवशी पुन्हा ठेवावे लागेल.