दाद म्हणजे दान नव्हे
(मावळांतील शेतकरी मंडळींपुढें लोणावळें येथें केलेलें भाषण)



मागल्या पंधरवड्यांत आमच्या गांवची एक म्हातारी जमिनीच्या मोबदल्याचा अर्ज लिहून घेण्यास आली. म्हणाली, "गुरुजी, सायबाच्या पाया पडते म्हून लिवा. गरिबाच्या पदरात काय तरी टाका म्हून लिवा." आम्हीं विचारलें, "आजी, जमीन कुणाची होती?" "माझ्या सासऱ्याची." "मग आपल्याच वस्तूसाठीं पदर कां पसरतां?" ती म्हणाली, "दाद मागायची म्हंजी मागायचंच की!"

या 'मागणें' शब्दानें आपला मोठा घात केला आहे. म्हणून आज 'दाद' या शब्दाची थोडी चौकशी करूं.

हा शब्द फारशी. सुलतानी अमदानींत तो 'फिर्याद' शब्दाबरोबर दरबारांतून आपल्या बोलींत उतरला. फारशींत 'फर्याद' म्हणजे संकटांत सांपडलेल्याची हांक, व 'दाद' म्हणजे न्याय. हांक रयतेची, न्याय सरकारचा. जेथें दोहोंचाही पत्ता नाहीं, त्या कारभारास आपण 'दाद ना फिर्याद' म्हणतों.

फारशींत 'दाद' म्हणजे 'दिलें' असाही एक शब्द आहे. पण तो निराळा. न्यायाचा 'दाद' निघाला जुन्या इराणी 'दात' शब्दापासून, व 'दात' म्हणजे कायदा. दारयवहु बादशहानें सुमारें २५०० वर्षांपूर्वी बेहिस्तूनच्या खडकावर कोरविलेल्या लेखांत तो आहे. त्याचा धातु संस्कृत 'धा'चा भाऊ. 'धा' म्हणजे ठेवणें. 'विधि' आणि 'विधान' त्याचेच. तेव्हां दाद म्हणजे कोणीं उदारपणें दिलेलें दान नव्हे. कायद्यानें घालून ठेवलेलें तें दाद. गवयास आपण दाद देतों, तीही भीक नसते. त्याच्या गुणाचा तो न्याय असतो.

मावळानें हांक पुष्कळ मारली. १९२१ सालीं मुळशी पेट्यांतील मावळे टाटा कंपनीच्या धरणाविरुद्ध 'जान किंवा जमीन' म्हणत उठले. सेनापति बापट त्यांच्यांत होते. तरी धरण झालें, गांवें बुडालीं. तेव्हांच्या १८९४ च्या कायद्यांत जमिनीचा पैसा होता, पुनर्वसनाचा हक्क नव्हता. पुढें ता. ९ ऑगस्ट २०११ रोजीं पवनेच्या बंद जलवाहिनीविरुद्ध आपले शेतकरी बऊरजवळ द्रुतगति मार्गावर आले. पोलिसांनीं गोळ्या झाडल्या. तीन जीव गेले. हांकेस असेंही उत्तर मिळतें, हें आपण डोळ्यांनीं पाहिलें.

१ जानेवारी २०१४ पासून भूसंपादनाचा नवा कायदा लागू झाला. त्याच्या नांवांतच पुनर्वसन आहे. पण कायदा कागदावर असतो. तो वाचणारा घरांत पाहिजे. म्हणून मुलांइतक्याच मुलीही शिकवा.

म्हातारीच्या अर्जांतून आम्हीं 'पाया पडते' काढलें. गट नंबर, क्षेत्र, तारीख व कलम घातलें. पोंच घेतल्यावांचून परतूं नका, असें बजावलें. पोंच तिनें आणली, पदराच्या गांठीस बांधून. निकाल अजून यावयाचा आहे.

दाद मागूं नका, असें आम्हीं म्हणत नाहीं. जरूर मागा; पण सावकार आपलें येणें मागतो, तशी मागा.