विटांचा घन आणि ल.सा.वि.



ल.सा.वि. ही परीक्षेपुरती शिकून विसरायची गोष्ट, असा समज आमच्या अभ्यासवर्गात वारंवार आढळतो. भूमितीत तो कशाला, असे मुले विचारतात. म्हणून आज विटांचे उदाहरण घेऊ. पुस्तकातला 'इष्टिकाचिती' हा अवघड शब्दही विटेवरूनच आला आहे. इष्टिका म्हणजे वीट. ज्यांच्या आईबापांनी विटा वाहून त्यांना शाळेत घातले, त्यांनीच विटांच्या गणितात गुण घालवावेत, याचे आम्हांला वाईट वाटते.

वीट ९ इंच लांब, ४ इंच रुंद, ३ इंच जाड. सर्व विटा एकाच दिशेने ठेवून सर्वांत लहान भरीव घन रचायचा आहे. (विटा फिरवायची मुभा दिली तर प्रश्न निराळा होतो.) बरीच मुले तिन्ही मापांचा गुणाकार करून बाजू १०८ इंच सांगतात. तेवढा घन होतो खरा, पण त्याला ११,६६४ विटा लागतात!

विचार असा करावा. लांबीकडून विटा मांडत गेलो की माप ९ च्या पटीत वाढते, रुंदीकडून ४ च्या, उंचीकडून ३ च्या. घनाच्या बाजू सारख्या, तेव्हा तिन्ही पाढ्यांत सापडणारी पहिली संख्या हवी. ती ३६. लांबीत ४, रुंदीत ९, उंचीत १२, म्हणजे एकूण ४३२ विटा. बाजू तिप्पट केल्याने विटा २७ पट झाल्या होत्या.

आता मानक वीट पाहा: १९ × ९ × ९ सेंटिमीटर. १९ आणि ९ यांचा ल.सा.वि. १७१, त्या घनाला ३,२४९ विटा लागतील. पण एक सेंटिमीटर मसाल्याचा सांधा धरला की माप २० × १० × १० होते, आणि अवघ्या चार विटांत २० सेंटिमीटरचा घन! विटेचे माप असे विचित्र का, हे कोडे इथे सुटते.

जासईवरून न्हावा-शेव्याकडे जाणाऱ्या कंटेनरांतही हीच युक्ती आहे. वीस फुटी कंटेनर प्रत्यक्षात दीड इंच आखूड असतो. दोन एकापुढे एक ठेवून मध्ये तीन इंच फट सोडली की चाळीस फुटीची लांबी बरोबर भरते.

उंचीत मात्र असा मेळ नाही. साधा कंटेनर ८ फूट ६ इंच उंच, मोठा ९ फूट ६ इंच. दोन्हींच्या थप्प्या समान उंचीच्या केव्हा होतील? आमची निम्मी मुले फुटांतच अडकली. आधी इंच करा: १०२ आणि ११४. ल.सा.वि. १,९३८ इंच, म्हणजे एकीकडे १९ कंटेनर, दुसरीकडे १७. एवढी उंच थप्पी बंदरात कोणी लावत नाही, हे एका मुलीने लगेच सांगितले.