यादीत नाव कुणाचं, वर्गात मूल कुणाचं

(डहाणूतील वसंत व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)

4 ऑक्टोबर 2024 ला विधानसभेचे उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ यांनी मंत्रालयातल्या संरक्षक जाळीवर उडी टाकली, तेव्हा टीव्हीसमोर बसलेले आपण बरेच जण हसलो. मीही हसलो. त्या दिवशीची एक मागणी होती पेसा भरतीची, म्हणजे अनुसूचित क्षेत्रात स्थानिक आदिवासींसाठी राखलेल्या सरकारी पदांची. परीक्षा देऊन, यादीत नाव लागूनही ज्यांना नेमणुकीचा कागद मिळाला नव्हता, त्या पोरांची.

नाव ‘पेसा’, पण हे आरक्षण 1996 च्या पेसा कायद्यातून आलेलं नाही. ते आलं राज्यघटनेच्या पाचव्या अनुसूचीखाली राज्यपालांनी काढलेल्या अधिसूचनांतून. 29 ऑगस्ट 2019 च्या अधिसूचनेचं गणित गावाच्या लोकसंख्येवर बांधलेलं आहे. गावात आदिवासी निम्म्याहून जास्त असतील, तर शिक्षक, तलाठी, ग्रामसेवक अशा 17 संवर्गांतली सगळी पदं स्थानिक आदिवासींची. आणि 2011 च्या जनगणनेत तलासरी तालुक्यात दहांतली नऊ माणसं आदिवासी.

वर्षही उलटलं नाही तोच, 22 एप्रिल 2020 ला, सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने आंध्रचा असाच आदेश रद्द केला. तोही शाळामास्तरांच्याच नेमणुकांचा, 2000 सालचा. चेब्रोलु लीला प्रसाद राव यांच्या नावाने हा खटला ओळखला जातो. न्यायालय म्हणालं, राज्यपालांचे अधिकार मोठे असले तरी मूलभूत हक्कांच्या वर नाहीत. शंभर टक्के राखीव म्हणजे बाकी सगळ्यांना दार बंद, त्यात अनुसूचित क्षेत्राबाहेरचे आदिवासीही आले. झालेल्या नेमणुका मात्र अटींवर वाचवल्या. 2022 मध्ये झारखंडच्या शिक्षकभरतीचंही तेच झालं.

मग आपल्याकडची भरती कोर्टात अडकणार, हे सांगायला वकील लागत नव्हता. ती अडकली. ऑक्टोबर 2024 मध्ये सरकारने तोडगा काढला तो मानधनावरच्या तात्पुरत्या नेमणुकांचा. निकाल काहीही लागो, पहिलीतल्या पोरासमोर उभा राहिला तो उद्याची खात्री नसलेला मास्तर.

आंध्रच्या निकालातला एक मुद्दा मात्र मला पटतो. आदिवासी मुलांना आदिवासीनेच शिकवावं, हा आग्रह न्यायालयाने झिडकारला. पुरावा आपल्याच कोसबादच्या टेकडीवर आहे. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ दोघी बाहेरच्या. 1945 मध्ये बोर्डीला बालवाडी सुरू केली, पुढे काम कोसबादला नेलं. गुरं राखणारी पोरं शाळेत येईनात, तर अनुताईंनी शाळाच कुरणात नेली. गुरं चरताहेत, पोरं तिथेच बसून शिकताहेत. कुरणशाळा! अनुताईंची जात त्या पोरांनी विचारली असेल असं वाटत नाही.

पण अनुताई राहिल्या. जन्मभर. आपल्याकडे गुणवत्ता यादीत वर आलेला दूरच्या जिल्ह्यातला उमेदवार रुजू होतो, आणि त्याचा जीव आंतरजिल्हा बदलीत अडकतो. त्याला दोष देत नाही. म्हातारे आईबाप तिकडे, बिऱ्हाड इकडे. त्याला वारली कळायला लागते न लागते, तोवर बदलीची ऑर्डर येते. पाड्यावरचं मूल पुन्हा नव्या मास्तरकडे बघत गप्प. ते गप्प राहणं प्रगतिपुस्तकात ‘मंद’ म्हणून उतरतं, हे मी पाहिलंय.

शंभर टक्के आरक्षणाने बाकी काही साधो न साधो, शिक्षक पळून जाणार नाही आणि मुलाचं बोलणं त्याला कळेल, एवढं आपोआप साधत होतं. कोर्टात वाद झाला तो टक्क्यांचा. गुणवत्ता म्हणजे काय, हा प्रश्न चाचणीच्या गुणांवर सोपवून सगळे मोकळे झाले. शिक्षकभरतीची ती अभियोग्यता चाचणी 200 गुणांची, दोन तासांची. तिच्यात वारली, कोकणा, धोडिया, कातकरी यांतल्या एकाही बोलीला एक गुण नाही.

माझं म्हणणं एवढंच, की दार सगळ्यांना उघडं ठेवा, पण अनुसूचित गावातल्या प्राथमिक शिक्षकाला तिथली बोली यायलाच हवी, अशी पात्रता घाला. तोंडी परीक्षा घ्या. परीक्षक म्हणून पाड्यावरची एखादी आजी बसवा, आणि सोबत पाच वर्षांचा नातू. मराठवाड्याचा, खानदेशचा, कुणीही येऊ दे. त्याने त्या नातवाला एक गोष्ट सांगून हसवायचं. ती गुणवत्ता यादी लागेल, तेव्हा पहिल्या दहांत कोणत्या तालुक्याची किती नावं असतील, ते मला बघायचंय.