साती आसरांचं पाणी

ग्रीक पुराणात अरेथूसा नावाची एक जलदेवता आहे. झ्यूस, अपोलो यांच्या मानानं अगदीच लहान. नदीदेव मागे लागला म्हणून ती समुद्राखालून वाहत सिसिली बेटावर आली आणि सिराक्यूज शहरात गोड्या पाण्याचा झरा झाली, अशी कथा. त्या शहरानं तिचा चेहरा आपल्या नाण्यांवर उमटवला.

आपल्याकडे अशा देवता म्हणजे साती आसरा. ‘आसरा’ हे ‘अप्सरा’चं बोलीतलं रूप. त्यांना देऊळ लागत नाही. विहिरीकाठी शेंदूर लावलेले सात दगड, हिरव्या बांगड्या, खणानारळाची ओटी, एवढं पुरतं. मोठा देव पालखीतून गावोगाव जातो. आसरा मात्र पाणी सोडून कुठं जात नाहीत.

मुंबईतही गिरगाव-परळच्या वाड्यांत विहिरी होत्या. १८६०मध्ये विहारचं आणि १८९२मध्ये तानसाचं पाणी नळानं आलं, तरी विहिरींचा मान टिकला. विसाव्या शतकाच्या आरंभी हिवतापाचे डास विहिरींत वाढतात म्हणून पालिकेनं त्या बुजवायला, झाकायला सांगितलं. तेव्हा लोकांनी धर्मभावनेपोटी हरकती घेतल्या. पालिकेचे चिटणीस रुस्तम पेस्तनजी मसानी यांनी त्या समजुती हसण्यावारी नेल्या नाहीत. त्या गोळा करून, जगभरच्या जलपूजेशी ताडून, त्यांनी १९१८मध्ये विहिरींच्या लोकसमजुतींवर इंग्रजीत पुस्तक काढलं.

चर्चगेटजवळची भिखा बेहराम विहीर १७२५ची. समुद्र जवळ असून पाणी गोडं. पारशी मंडळी आजही तिथं प्रार्थना करतात. आम्हा मुसलमानांत पाण्याशी ख्वाजा खिज्र यांचं नाव जोडलेलं आहे. नावं निराळी, पण धाक एकच: पाण्यात घाण करू नये.

डासांचं म्हणणं खोटं नव्हतं. पण डासांसाठी आज जाळीचं झाकण आहे, गप्पी मासे आहेत. विहीर बुजवणं हा एकच उपाय उरलेला नाही. तरी जुन्या वाड्या पाडून टॉवर उठतात, तेव्हा विहीर आधी जाते. सात दगड उचलून जिन्याखाली मांडता येतील. पाण्याविना त्या आसरा कसल्या?

मराठीत आसरा म्हणजे आधारही. शब्दाचं मूळ वेगळं, पण माझ्यासारख्या कवीला दोन्ही अर्थ एकाच विहिरीतले वाटतात. तुमच्या वाडीचा पुनर्विकास व्हायचा असेल, तर नव्या घराचे चौरस फूट जरूर मोजा. त्याबरोबर नकाशात विहीर कुठं आहे, हेही विचारा.