नवा बजी घरी आणताना

आपल्याकडे ‘लव्हबर्ड’ म्हणून विकतात ते बहुधा बजी असतात. नावावर जाऊ नका, चांगले भांडतात. पण भांडणाआधी आजाराचं बघा. नवा पक्षी निदान 30 दिवस वेगळ्या खोलीत ठेवा. पक्षी दुखणं लपवतात; पिसं फुगवून बसेपर्यंत ते बरंच वाढलेलं असतं. सिटॅकोसिस तर माणसालाही होतो. दाणापाणी आधी जुन्यांना, मग नव्याला, नंतर साबणाने हात धुवायचे. महिना नीट गेला की पिंजरे शेजारी-शेजारी. एकत्र सोडताना दांड्यांच्या जागा बदला, म्हणजे जुन्यांनाही घर नवं वाटतं. वाट्या जास्त ठेवा. आणि घरट्याचं मडकं? ते काढाच. मडक्यासाठी बजीची मादी दुसऱ्या मादीचा जीवही घेऊ शकते.