अद्भुत कथांतील पाकसिद्धी



आजचा विषय स्वयंपाकाचा आहे. पण तो पाकशास्त्राच्या पुस्तकांतला नव्हे, अद्भुत कथांतला. कल्पित राज्यांच्या आणि साम्राज्यांच्या कथांत अशी एखादी चूल नेहमी भेटते की, तिच्यावरचे अन्न खाऊन कोणी आपले गाव विसरतो, कोणाला हरवलेले माणूस सापडते, आणि कोणाचे सारे आयुष्य भांडे चुलीवर असतानाच सरून जाते. काळ आणि स्मृती यांवर राजाचीही सत्ता चालत नाही. कथाकारांनी ती सत्ता तलवारीला दिली नाही, सिंहासनाला दिली नाही; पळीला दिली. ती का दिली, आणि देताना तिच्यावर कोणती अट घातली, एवढेच मला आज आपणांपुढे मांडावयाचे आहे.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर घरोघरी आहे. स्वयंपाक हा काळाशीच व्यवहार. भात क्षणभर आधी उतरवला तर कणी राहते, क्षणभर उशीर झाला तर करपतो. दह्याला रात्र द्यावी लागते, लोणच्याला बरणीत मुरू द्यावे लागते. आणि स्मृतीचे म्हणाल, तर फोडणीच्या एका वासाने चाळीस वर्षांपूर्वीचे घर डोळ्यांपुढे उभे राहते. शास्त्रज्ञ सांगतात की, गंधाची वार्ता मेंदूतील भावना आणि स्मृती यांच्या केंद्रांकडे इतर संवेदनांपेक्षा जवळच्या वाटेने पोचते. म्हणजे कथाकाराने नवे काही केले नाही. रोजचे होते तेच मोठे करून दाखविले.

आता अटीकडे वळू. होमरच्या ‘ओडिसी’च्या दहाव्या सर्गात सर्सी नावाची मायाविनी आहे. ओडिसियसचे खलाशी दारात येतात. ती त्यांना चीज, जवाचे पीठ, मध आणि मद्य एकत्र कालवून देते, आणि त्यांत एक औषधी मिसळते. कशासाठी? तर त्यांना मायभूमीचा पूर्ण विसर पडावा म्हणून. मग छडी मारून ती त्यांची डुकरे करते. पुढे ओडिसियस त्यांना सोडवितो, ती माणसे पुन्हा माणसे होतात, आणि कथा संपली असे आपणांस वाटते. पण खरी गोष्ट पुढेच आहे. त्यानंतर हीच मंडळी त्याच घरी वर्षभर मांस आणि मद्य यांच्या मेजवान्या झोडीत राहतात. या वेळी अन्नात औषधी नाही, छडी नाही. तरीही वर्ष उलटते, आणि घराची आठवण खुद्द नायकाला त्याच्या सोबत्यांनी करून द्यावी लागते! जादूच्या पेल्याने जे साधले, तेच नुसत्या भरल्या ताटानेही साधले.

दुसरी कथा चीनमधली. तांग साम्राज्याच्या काळात, इसवी सनाच्या आठव्या शतकात, शेन जीजी या लेखकाने ती लिहिली. हानदानच्या रस्त्यावर एका खाणावळीत एक तरुण आपल्या दारिद्र्याबद्दल कुरकुरत बसला आहे. यजमान राळ्यासारखे धान्य वाफवीत आहे. शेजारचा ताओपंथी वृद्ध तरुणाला एक उशी देतो. तरुण डोके टेकतो, आणि त्याचे भाग्य उजळते. थोर कुळातली पत्नी, परीक्षेत यश, सेनापतिपद, साम्राज्याचे प्रधानपद; मग कपटी लोकांचे आरोप, हद्दपारी, पुन्हा मान, पाच मुलगे, नातवंडे, आणि ऐंशीच्या पुढे मृत्यू. तो दचकून जागा होतो. वृद्ध शेजारीच बसलेला आहे, आणि चुलीवरचे धान्य अजून शिजलेले नाही. साम्राज्याचा सारा वैभवकाळ एका आधणापेक्षाही आखूड ठरला. चिनी भाषेत या कथेवरून म्हणच पडली आहे.

तिसरी कथा आपली, आणि तीही विदर्भाची. आपण ‘नळपाक’ हा शब्द सहज वापरतो. महाभारताच्या वनपर्वात स्वयंवरानंतर देव नळाला वर देतात. त्यांत अन्नाला रस आणण्याचा वर कोणी दिला? यमाने. ज्याच्या हाती आयुष्याचा हिशेब, त्यानेच हाताला चव दिली! पुढे नळ राज्य हरतो, कर्कोटकाच्या दंशाने कुरूप होतो, आणि बाहुक या नावाने अयोध्येच्या ऋतुपर्ण राजाचा सारथी होऊन कुंडिनपुरात येतो. दमयंतीला संशय येतो, पण चेहरा साक्ष देत नाही. तेव्हा ती दासी केशिनीकडून बाहुकाने शिजविलेल्या मांसाचा तुकडा मागविते, चाखते, आणि तिला कळते की हा नळच.

येथे अट स्पष्ट होते. ते अन्न ऋतुपर्णासाठी शिजत होते. त्याला त्यात चव मिळाली असेल. माणूस मिळाला नसता. दमयंतीला मिळाला, कारण जुनी चव तिने जपली होती. आचाऱ्याच्या हाती अर्धीच जादू असते. उरलेली अर्धी खाणाऱ्याने आपल्याबरोबर आणावी लागते. ती त्याच्यापाशी नसली, किंवा त्याने ती सुखासुखी सोडून दिली, तर मग वाढणाऱ्याचे राज्य.

म्हणून या कथा केवळ मुलांच्या नव्हेत. ज्या सत्तेला माणसांनी आपले घर, आपले दुःख, आपला हक्क विसरावा असे वाटते, तिला चाबूक दर वेळी लागत नाही. पंगत उठू दिली नाही म्हणजे पुरते. अन्न वाईट नाही, मेजवानीही वाईट नाही. सर्सीचे मद्य गोडच होते, नळाचा घासही गोडच होता. फरक एवढाच की एका घासाने माणसे आपल्या माणसांपासून दूर गेली, आणि दुसऱ्याने ती एकमेकांना सापडली. कोणी आपल्यापुढे भरले ताट ठेवले, मग ते अन्नाचे असो, करमणुकीचे असो की आश्वासनांचे असो, तर पाटावरून उठताना स्वतःला एक प्रश्न विचारावा: या जेवणानंतर मला माझे घर अधिक आठवते आहे, की कमी?